माएस्त्रोची नारिंगी काच

मला तो माणूस पहिल्या दिवसापासून आवडला नाही आणि तो गेल्यानंतरही माझं मत बदललेलं नाही. हे आधीच लिहून टाकते, म्हणजे पुढचं सोपं जाईल. मागच्या वर्षी तोक्योतल्या एका छोट्या चित्रपटगृहाने त्याच्या स्मरणार्थ तीन दिवसांचा कार्यक्रम केला. एवढा नावाजलेला इटालियन छायाचित्रकार, पण जपानमध्ये त्याने एकच चित्रपट केला होता. त्या चित्रपटावर काम केलेल्यांपैकी कोण हयात आहे आणि कोण सापडतं याचा शोध घेत त्यांनी मला गाठलं आणि पुस्तिकेसाठी दोनशे शब्दांची आठवण मागितली. ‘शक्यतो हृद्य असावी,’ असं पत्रात लिहिलं होतं. मी तोयोसूत एका सॉफ्टवेअर कंपनीत तपासणी विभाग सांभाळते. मुदतीच्या आदल्या दिवशी काम पूर्ण करून देणारी म्हणून ऑफिसात माझी थट्टा होते. ते दोनशे शब्द मी दिले नाहीत. का दिले नाहीत, हे या प्रकरणात येईल.

तेव्हा आम्ही इचिकावाला राहत होतो. बाबा मुंबईच्या एका व्यापारी कंपनीच्या तोक्यो ऑफिसात होते. तीन वर्षांची म्हणून आलेली बदली वाढत वाढत दहा वर्षांची झाली होती, त्यामुळे माझी शाळा आणि कॉलेज दोन्ही इथेच झालं. बाबांचं काम जहाजाने जाणाऱ्या मालाचे कागद तपासायचं. माल त्यांनी जन्मात पाहिला नसेल. पेट्यांची संख्या, वजन, बंदराचं नाव, सही, शिक्का. एक अक्षर इकडचं तिकडे असलं तरी बँक कागद परत करते, हे मी नववी-दहावीपासून जेवणाच्या टेबलावर ऐकत आले. आईच्या याद्या वेगळ्या. फ्रिजच्या दारावर कचऱ्याचं वेळापत्रक होतं: जळणारा कोणत्या वारी, प्लॅस्टिक कोणत्या वारी, काच महिन्यातून कितीदा. आम्ही राहायला आल्यावर पहिल्याच महिन्यात आमची पिशवी लाल चिठ्ठी लावून दारात परत आली होती. तो अपमान आईने इतका मनावर घेतला की पुढे इमारतीतल्या जपानी बायका तिला विचारून कचरा टाकू लागल्या. खालच्या मजल्यावरच्या एका बाईंनी कुकरच्या शिट्ट्यांबद्दल लेखी तक्रार केल्यापासून आमच्या घरी शिट्ट्यांनाही वेळ ठरली होती, सकाळी अकरा ते साडेअकरा. मला यादी केल्याशिवाय श्वास घेता येत नाही असं माझा नवरा म्हणतो. त्याने ते घर पाहिलेलं नाही.

पदवी मिळाल्यावर बाबांनी मला त्यांच्याच ऑफिसात कागद तपासायला बसवायचं ठरवलं होतं, आणि मी नाही म्हटलं होतं. नाही म्हणून काय करणार, ते मलाच माहीत नव्हतं. त्याच सुमारास कॉलेजच्या फळ्यावर एक चिठ्ठी दिसली: परदेशी चित्रपटाच्या कॅमेरा विभागासाठी इंग्रजी आणि जपानी दोन्ही येणारी, सुवाच्य अक्षराची व्यक्ती हवी. निर्मितीचं सगळं बघणाऱ्या ओकुबोसान नावाच्या बाई होत्या. त्यांनी माझी मुलाखत घेतलीच नाही. माझी कॉलेजची वही मागितली, चार पानं उलटली आणि सोमवारी या म्हणाल्या. घरी मी हे सांगितलं तेव्हा बाबांनी घास खाली ठेवला.

“सहा आठवडे,” ते म्हणाले. “वर एक दिवस नाही.”

“सात लागतील. पावसाचे दिवस धरलेत त्यांनी.”

“मी सहा म्हटलं, मेधा.”

“वेळापत्रक तुमचं नाहीये, बाबा.”

“माझं नाहीच. कुणातरी इटालियन माणसामागे वही घेऊन फिरायचं, ह्याला काय म्हणतात? करिअर?”

“तुम्ही पेट्या न बघता पेट्या मोजता, त्याला काय म्हणतात?”

आईने भाताचं पातेलं दोघांच्या मधे आणून आपटलं. “मला जपानीत टोमणे कळत नाहीत म्हणून मी इथे सुखी आहे,” ती म्हणाली. “तुम्हा दोघांचे मराठीत असतात.” त्यानंतर बाबा माझ्याशी थेट बोलले नाहीत. “तुझ्या मुलीला सांग, चावी घेऊन जा म्हणावं,” अशा पद्धतीने आमचं घर सात आठवडे चाललं.

चित्रीकरण चिबाच्या समुद्रकाठी एका मासेमारीच्या गावात होतं. सबंध युनिट तिथल्या दोन जुन्या खानावळींत उतरलं होतं आणि मी रविवारी घरी येत असे. ओराझिओ पेत्रेल्ला हे त्याचं नाव, पण सगळे त्याला माएस्त्रो, म्हणजे उस्ताद, म्हणत, तेही त्याने पहिल्या दिवशी तसं सांगितलं म्हणून. साठीचा, बुटका, रुंद, कमरेला पुढच्या बाजूला एक तपकिरी चामडी पेटी बांधलेली. तो मोडकं इंग्रजी बोलायचा, मी त्याचं जपानी करायची. एका वाक्यात चार शिव्या असल्या तर त्यातल्या तीन मी गाळत असे. त्याला ते कळायचं. “माझं वाक्य लांब होतं,” तो म्हणायचा, “तुझं एवढंसं कसं झालं?”

त्याची कारकीर्द मला त्याच्याच तोंडून, जेवणाच्या सुट्टीत, निदान पाच वेळा ऐकावी लागली. दर वेळी ती थोडी मोठी झालेली असायची. त्याचे वडील थडग्यांवर लावायचे चेहरे चिनीमातीवर उतरवत, आणि मेलेल्या माणसाचा चेहरा उजळ कसा करायचा हे तो त्यांच्याकडे शिकला. मग रोममधल्या एका स्टुडिओत वायरी गुंडाळणं, पाटी धरणं, फिल्म भरणं, आठ वर्षं दुसऱ्या छायाचित्रकारांसाठी फोकस सांभाळणं, म्हणजे लेन्सपासून नटापर्यंतचं अंतर मोजत राहणं. ‘आठ वर्षं मी फक्त इंच मोजले,’ हे वाक्य तो दर वेळी म्हणायचा. चाळिशीला त्याच्या हातात स्वतःचा पहिला चित्रपट आला. त्यातलं एक स्वयंपाकघर त्याने एका खिडकीच्या उजेडावर टिपलं होतं आणि त्या स्वयंपाकघराने त्याला युरोपभर बक्षिसं मिळवून दिली. पुढची दहा वर्षं दिग्दर्शक त्याच्या तारखांसाठी थांबत. नंतर तो एकेकाशी भांडला. हे तो सांगत नसे, ओकुबोसानांनी सांगितलं. चौघांशी चित्रीकरणाच्या मध्यावर, एकाशी बक्षीस समारंभात. मग गाड्यांच्या जाहिराती, मग शेवयांच्या, मग त्याही नाहीत. तीन वर्षं फोन वाजला नव्हता. आमच्या चित्रपटाचा तरुण दिग्दर्शक विद्यार्थी असताना त्याचे चित्रपट पाहत आला होता, म्हणून त्याने हट्टाने त्याला आणलं होतं. माएस्त्रोची ही शेवटची संधी होती, आणि ते युनिटमधल्या प्रत्येकाला माहीत होतं. त्यालाही. मला त्याची दया यायला हवी होती असं आज कोणी म्हणेल. मला तेव्हा आली नाही आणि आज आणायची म्हटलं तरी येत नाही.

त्याच्या चामडी पेटीत काचेचे फिल्टर होते आणि त्यांना दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही हा त्याचा कायदा होता. जपानी युनिटमध्ये लेन्सपुढे फिल्टर बसवणं हे दुय्यम सहायकाचं काम. आमच्याकडे ते मोरितासान होते. चाळिशी ओलांडलेले, उंच, वाकून चालणारे, संध्याकाळी कॅमेऱ्याची तिवई पुसून झाली की तिच्यासमोरही किंचित मान झुकवणारे. पहिल्या सकाळी सवयीने त्यांनी पेटीकडे हात नेला आणि माएस्त्रोने त्यांच्या मनगटावर फटका मारला. लहान मुलाला मारतात तसा, सगळ्यांसमोर. मोरितासानांनी माफी मागितली. त्या दिवसापासून मोठ्या शॉटआधी तो कॅमेऱ्याजवळून सगळ्यांना पिटाळायचा, स्वतःच्या हाताने फिल्टर बसवायचा, आणि मग फक्त मला बोलवायचा. कारण लेन्स कोणती, तिचं तोंड किती उघडं, फिल्टर कोणता, हे सगळं कॅमेऱ्याच्या तोंडाशी वाकून वाचून मला तक्त्यात लिहायचं असे. वरचं पान फिल्मच्या डब्याबरोबर तोक्योच्या लॅबला जायचं, खालचं कार्बनचं पान माझ्याकडे राहायचं. छापील तक्त्यात वेळेचा रकाना नव्हता. तो मी पट्टीने आखून घेतला होता, कुणी सांगितलं नसताना. मला तो रकाना फार आवडायचा.

फिल्टरची गोष्ट थोडी समजावून सांगते, कारण सगळं तिच्यावर आहे. आमची फिल्म दिव्यांच्या उजेडासाठी बनवलेली होती. तीच फिल्म उन्हात वापरायची तर लेन्सपुढे नारिंगी काच लावावी लागते. न लावली तर चित्र निळं येतं. माणसं, वाळू, लाकूड, सगळं शाईत बुडवल्यासारखं. घरात शूटिंग असेल तर काच काढायची, बाहेर आलं की लावायची. शाळेतल्या पोरालाही लक्षात राहील एवढंच.

माझ्या डब्यालाही त्याने कायदा केला. आई रविवारी रात्री पोळ्या, बटाट्याची भाजी आणि लसणाची चटणी बांधून द्यायची. तो डबा सोमवारी दुपारी उघडला की तो नाक चिमटीत धरायचा. “हे अन्न आहे की रंग काढायचं औषध? ट्रकमागे जा. माझ्या लेन्सना वास लागतो.” मी ट्रकमागे जाऊन जेवायची. तिसऱ्या सोमवारी मोरितासान आपले भाताचे गोळे घेऊन तिथे आले.

“तुम्हालाही पिटाळलं?” मी विचारलं.

“नाही. इथे सावली आहे,” ते म्हणाले. तिथे सावली नव्हती. मी चटणी पुढे केली. त्यांनी भाताच्या गोळ्याला बोटभर लावली, खाल्ली आणि बराच वेळ समुद्राकडे बघत राहिले. डोळ्यांतून पाणी आलं होतं. “माएस्त्रोचं बरोबर आहे,” ते म्हणाले, “लेन्स वितळेल.” त्यांनी मला फिल्म कशी भरतात ते शिकवलं. काळ्या कापडी पिशवीत दोन्ही हात कोपरापर्यंत घालायचे आणि न बघता, बोटांनी चाचपत भरायची. त्या वेळी हात मधेच बाहेर काढले की उजेड लागून फिल्म गेली. “घर पेटलं तरी हात बाहेर काढायचे नाहीत,” ते म्हणाले. त्यांची मुलगी शाळेत होती, बायको त्सुकुबाला एका दुकानात अर्धवेळ काम करायची, आणि पुढच्या चित्रपटात ओकुबोसान त्यांना मुख्य सहायक करणार असं तोंडी ठरलं होतं. सोळा वर्षांनी. हे त्यांनी मला दोनदा सांगितलं. एवढं बोलणारा तो माणूस नव्हता.

सहाव्या आठवड्यात जाळीघर पाडायचं होतं. गावातल्या कोळ्यांचं जाळी ठेवायचं जुनं लाकडी घर, किनाऱ्यावर एकटं उभं. नगरपालिका ते काढणारच होती, दिग्दर्शकाने ते आपल्या चित्रपटासाठी मागून घेतलं. गोष्टीतली विधवा वाळूत उभी राहून नवऱ्याचं घर पडताना बघते असा प्रसंग. दोर लावून यंत्राने ओढायचं. एकदाच. पुन्हा उभं करता येणार नाही. सकाळी आठपासून आम्ही आतला भाग दिवे लावून घेतला, अर्थातच फिल्टरशिवाय, आणि मग कॅमेरा बाहेर वाळूवर आणला. माएस्त्रोने सगळ्यांना दूर पाठवलं. मोरितासान पाच पावलांवर एका खोक्यावर बसून पुढची फिल्म भरत होते, दोन्ही हात काळ्या पिशवीत. माएस्त्रोने पेटीचं झाकण उघडलं. तेवढ्यात ओकुबोसानांनी मला लांबून निरोप दिला आणि मी तो घेऊन धावत गेले.

“माएस्त्रो, वारा वाढतोय. घर आपोआप कलतंय म्हणतात. अर्ध्या तासाऐवजी दहा-बारा मिनिटांत ओढावं लागेल. मला वाटतं तोवर त्या नटीला उभं करून—”

“तुला वाटतं?” त्याने पेटीचं झाकण फटकन लावलं. “तुला कोण विचारतं? सहा आठवडे तुझं तोंड ऐकतोय. तू लिहायला आहेस. लिही. बोलू नकोस. हे त्यांच्या भाषेत सांग, मोठ्याने, म्हणजे सगळ्यांना कळेल.”

मी ते मोठ्याने जपानीत सांगितलं. माझ्याबद्दलचं वाक्य मीच भाषांतर करून साठ माणसांना ऐकवलं. कुणी हसलं नाही, ते हसले असते तर बरं झालं असतं. माएस्त्रो वाळू तुडवत दिग्दर्शकाकडे गेला. मी लेन्सपाशी वाकले आणि लेन्सचा क्रमांक लिहिला. तोंड किती उघडं ते लिहिलं. फिल्टरच्या चौकटीत बघितलं. चौकट रिकामी होती.

मी दुसऱ्यांदा बघितलं. बोट घालून बघितलं. मग फिल्टरच्या रकान्यात ‘नाही’ असं लिहिलं, घड्याळ बघितलं आणि माझ्या रकान्यात दहा चाळीस लिहिलं. पेन्सिलीचं टोक बोथट झालं होतं म्हणून टोक केलं. मोरितासान पाच पावलांवर होते. त्यांचे हात पिशवीत होते पण कान बाहेर होते. एक शब्द पुरला असता. ओकुबोसान तीस पावलांवर होत्या. माएस्त्रो परत आला, कॅमेऱ्याच्या मागे बसला आणि डोळा लावला. आतून बघणाऱ्याला रंगाचा फरक कळायला हवा असं लोक म्हणतात. तो थकला होता, चिडला होता, वारा होता. त्याला कळलं नाही. मी त्याच्या उजव्या खांद्याशी वही धरून उभी होते. पुढे ओकुबोसानांना मी सांगितलं की मला वाटलं तो मुद्दाम असं करतोय. ते खरं नव्हतं. मला नीट माहीत होतं. मला लिहायला सांगितलं होतं आणि मी लिहिलं होतं, आणि माझ्या पोटात एक थंड, स्वच्छ समाधान होतं. दहा बावन्नला दोर ताणला गेला, घर एकदा करकरलं आणि गुडघे मोडल्यासारखं वाळूत बसलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.

तीन दिवसांनी छापलेली फिल्म लॅबहून आली. फिल्टर नाही असं तक्त्यात स्वच्छ लिहिलेलं असल्यामुळे लॅबने ते हेतुपुरस्सर धरलं असणार, त्यांनी काहीच कळवलं नव्हतं. गावाच्या सभागृहात खिडक्यांना काळे पडदे लावून आम्ही ती बघायला बसलो. पडद्यावर निळी वाळू आली, निळी बाई आली, आणि निळं घर पडलं. प्रोजेक्टरचा खडखडाट तेवढा चालू राहिला. दिवे लागले तेव्हा मोरितासान आधीच उभे होते. ते पुढे आले आणि कमरेत पूर्ण वाकले.

“चूक माझी आहे,” ते म्हणाले. “फिल्टर बघणं सहायकाचं काम आहे. मी बघितलं नाही.”

मला ते इंग्रजीत करावं लागलं. माएस्त्रोने ऐकलं आणि खुर्चीत मागे टेकला. फटक्याची गोष्ट त्या खोलीतल्या प्रत्येकाला माहीत होती. “हो,” तो म्हणाला. “सहायकाचं काम आहे.” ओकुबोसानांनी मोरितासानांना सामान बांधायला सांगितलं. खालच्या माणसाने पुढे होऊन दोष घ्यायचा, वरच्याने तो स्वीकारायचा, आणि काम पुढे न्यायचं, अशी ती पद्धत. सगळ्यांना ती कळत होती. मला कळत नव्हती, किंवा मला कळून घ्यायची नव्हती. मी खोलीवर जाऊन कार्बनचं पान घेऊन आले. वाटेत मला आपण फार शूर आहोत असं वाटत होतं.

सभागृहाच्या छोट्या स्वयंपाकघरात ओकुबोसान, माएस्त्रो आणि मोरितासान उभे होते. मी पान ओट्यावर ठेवलं. “फिल्टर नव्हता,” मी आधी जपानीत आणि मग इंग्रजीत सांगितलं. “लावणारे फक्त माएस्त्रो होते. मी त्याच वेळी लिहून ठेवलंय.”

माएस्त्रोने चष्मा लावला. मला वाटलं तो ओरडेल. तो ओरडला नाही. रकान्यांवरून त्याने बोट फिरवलं आणि ते माझ्या पट्टीने आखलेल्या रकान्यावर थांबलं.

“हे काय?”

“वेळ.”

“दहा चाळीस. आणि घर कधी पडलं?”

खालच्या ओळीत ते लिहिलेलं होतं. त्याने स्वतःच वाचलं. “दहा बावन्न.” सहा आठवड्यांत पहिल्यांदा त्याने माझ्याकडे नीट बघितलं. “बारा मिनिटं तुला माहीत होतं. मी विसरलो. म्हातारा आहे, विसरलो. तू विसरली नव्हतीस.” मग ओकुबोसानांकडे वळून म्हणाला, “हिला सांगू दे तुमच्या भाषेत. ही चांगलं सांगते.”

मी सांगितलं. एकही शब्द गाळला नाही. ओकुबोसानांनी पान उचललं, चार घड्या घातल्या आणि आपल्या पिशवीत ठेवलं. त्या कागदावर माएस्त्रोची चूक होती, म्हणून तो बाहेर निघणार नव्हता. मोरितासानांचं जाणं बदलणार नव्हतं. त्यात फक्त माझं जाणं वाढलं. मोरितासान ओट्याला टेकून उभे होते. त्यांनी विचारलं, “मेधासान, मी कुठे बसलो होतो?”

“खोक्यावर.”

“किती लांब?”

“पाच पावलं.”

त्यांनी मान हलवली आणि चपला घालून बाहेर गेले.

इचिकावाला पोचले तेव्हा पाच वाजले होते, नगरपालिकेच्या भोंग्यांवर रोजची संध्याकाळची धून वाजत होती आणि आई गॅलरीतले कपडे काढत होती. बाबा लवकर आलेले होते. मी बॅग ठेवली आणि दोघांना उभ्या उभ्या सगळं सांगितलं. बाबांनी मधे एकच प्रश्न विचारला, थेट मला, सात आठवड्यांत पहिल्यांदाच.

“कागद बरोबर होता?”

“हो.”

“मग तुझं काम झालं. बाकी त्यांचं ते बघतील. सोमवारपासून माझ्याबरोबर ऑफिसला ये.”

आई कपड्यांच्या घड्या घालत होती. ती म्हणाली, “तो माणूस हिच्याबरोबर ट्रकमागे बसून जेवायचा ना?” मग तिने उरलेले कपडे तसेच खुर्चीत टाकले आणि आत गेली. त्या रात्री तिने पानं घेतली पण आमच्याबरोबर बसली नाही. मी सोमवारपासून बाबांच्या ऑफिसला गेले आणि चार वर्षं पेट्या न बघता पेट्या मोजल्या.

चित्रपट दीड वर्षाने लागला. दिग्दर्शकाने निळं पुसायचा प्रयत्न करून बघितला होता, पण माणसांचे चेहरे मातकट झाले, म्हणून तो प्रसंग त्याने निळाच ठेवला. लोकांना तो प्रसंग आवडला. त्या निळ्यासाठी माएस्त्रोला पुन्हा बक्षिसं मिळाली, पुन्हा फोन वाजू लागला, मरेपर्यंत त्याने आणखी सात चित्रपट केले. मुलाखतींत तो सांगायचा की घराचा मृत्यू थंड असला पाहिजे असं त्याला त्या सकाळी जाणवलं आणि त्याने नारिंगी काच हातात घेऊन परत पेटीत ठेवली. काच पेटीत राहिली एवढं खरं आहे. स्मृतिपुस्तिकेच्या मुखपृष्ठावर तोच निळा किनारा छापलेला आहे. तो सुंदर दिसतो, हे मान्य करताना मला आजही त्रास होतो.

पत्र आल्यावर मी मोरितासानांचा शोध घेतला. ओकुबोसानांनी त्यांना पुन्हा बोलावलं नव्हतं, आणि त्या वर्तुळात एकदा गेलेलं नाव दुसरीकडेही चालत नाही. त्सुकुबाला त्यांचं शाळांचे फोटो काढायचं छोटं दुकान होतं. नंबर मिळाला. मी बोलायचे मुद्दे कागदावर लिहून घेतले आणि सकाळी साडेनऊला फोन केला. आवाज तोच होता, थोडा कोरडा. मी नाव सांगितलं तेव्हा त्यांनी “हो” म्हटलं, आश्चर्य दाखवलं नाही. मी मुद्द्यांप्रमाणे बोलले. माएस्त्रो आता नाही. ओकुबोसानही निवृत्त झाल्यात. पुस्तिकेत मला जागा दिली आहे, तिथे मी खरं काय झालं ते लिहू शकते, तुमचं नाव स्वच्छ होईल.

“माझं नाव कुणाला आठवतंय?” ते म्हणाले.

“तरीही—”

“मी दोष घेतला होता. कुणी ढकलला नव्हता. माएस्त्रो विसरले, मी घेतला. ते माझं काम होतं. ते तुम्ही कशाला परत घेताय?”

“कारण ते चुकीचं होतं.”

“मेधासान, माझे हात पिशवीत होते.” मागे शिट्टी वाजली, मुलांचा गलका ऐकू आला. “माएस्त्रोंचं मला कधीच वाईट वाटलं नाही. तुम्हाला लिहायचं तर लिहा. दोनशे शब्दांत तुमची बारा मिनिटं बसणार नसतील तर माझं नावही घालू नका.”

मी कागदाकडे बघितलं. पुढचा मुद्दा होता, ‘भेटायला येऊ का?’

“आज शाळेचा क्रीडा दिवस आहे,” ते म्हणाले. “मुलं उन्हात उभी आहेत.” जपानमध्ये फोन ठेवताना, समोर नळाचं बिल वसूल करणारा असला तरी, रजा घेतो अशा अर्थाचे दोन शब्द म्हणतात. तिवईसमोर मान झुकवणाऱ्या त्या माणसाने ते म्हटले नाहीत. फोन ठेवला.